घट्टकाकांचा नळ

घट्टकाकांनी बंद केलेला नळ दुसऱ्या कुणाला उघडता येत नसे. यात तिळमात्र अतिशयोक्ती नाही. मधाची बाटली असो, औषधाचे झाकण असो, खिडकीची खिटी असो की बुटाच्या नाडीची गाठ, त्यांच्या हाताखालून गेलेली वस्तू पुन्हा मोकळी करायची तर त्यांनाच पाचारण करावे लागे. फिरत्या आनंदमेळ्यातल्या मंडळींनी त्यांचे मूळ नाव केव्हाच बाजूला सारून त्यांना हे नवे नाव बहाल केले होते, आणि काकांनीही ते एखादी पदवी घ्यावी तसे मान किंचित झुकवून घेतले होते. 'ढिलेकाका म्हणण्यापेक्षा बरं,' एवढेच ते म्हणत.

आयुष्यभर त्यांनी आकाशपाळणा उभा केला होता. मेळा एका गावाहून दुसऱ्या गावी निघाला की त्या अजस्र चक्राचा देह अवयव अवयव सुटा करून मालमोटारींवर निजवायचा आणि नव्या मैदानात पुन्हा सांध्याला सांधा जुळवून आकाशाला टेकवायचा, हे त्यांचे काम. लोक पाळण्यात बसत, वर जात, किंचाळत, हसत. त्या हास्यकल्लोळाच्या तळाशी, मातीत पाय रोवून, एक मनुष्य मुकाट्याने भीत असे. वर बसलेल्यांची भीती हौसेची, चार फेऱ्यांनी उतरणारी. खाली उभ्या असलेल्याची भीती कधीच उतरत नसे. काकांच्या सबंध हयातीत एकही पाळणा निखळला नाही, एकाही जिवाला खरचटले नाही. एखादा अशाने निर्धास्त झाला असता. काकांचे उलटे झाले. काही घडले नाही ते आपण भ्यालो म्हणूनच, असा त्यांच्या मनाचा सिद्धांत बनला. आणि जिने इतकी वर्षे राखले त्या देवतेच्या उपासनेत एक दिवस तरी खंड कसा पाडावा? भय हे त्यांचे नित्यकर्म होऊन बसले. सैल हा शब्द त्यांच्या लेखी अभद्र होता.

पाळण्याच्या कामात मात्र या भयाला एक आवर होता. तो तिथल्या जुन्या रीतीचा. ज्याने नट आवळला त्याने तो तपासायचा नाही. तपासणारा वेगळा, त्याला 'दुसरा हात' म्हणत. काकांचा दुसरा हात म्हणजे एक उंच, अबोल मनुष्य. सगळे त्याला मौनी म्हणत. काका आवळून पुढे सरकले की मौनी मागून येई आणि प्रत्येक नट उघड्या हाताने सोडवून पाही. सुटला नाही तर खडूची रेघ. हलला, तर स्वतः कधी आवळायचा नाही. काकांच्या खांद्यावर बोट ठेवून त्यांना माघारी आणायचा. एकदा काका चिडून म्हणाले होते, "अरे, कमरेला पाना आहे ना तुझ्या? दे की एक पीळ!" त्यावर मौनीने आयुष्यातले बहुधा सर्वांत लांब वाक्य उच्चारले, "मी आवळला तर मग माझा कोण बघणार?"

तो मौनी आता या जगात नव्हता. आकाशपाळण्याच्या जागी मालकाने बटणावर उलगडणारे नवे यंत्र आणले होते. आणि काका काकूंसह आपल्या गाडीघरात राहत होते. मेळ्याचा हंगाम संपल्यावर साऱ्या गाड्या ज्या मोकळ्या मैदानात विसाव्याला येत, तिथेच एका कडेला.

गाडीघर म्हणजे चाकांवरचा संसार. ड्रायव्हरच्या मागे बैठक, मग हातभर ओटा, त्यापुढे पलंग आणि पलंगाला लागून न्हाणीघर. तेही एवढे की आत वळायचे तर आधी विचार करावा लागे. न्हाणीघरातल्या बेसिनखाली लहानसे कपाट होते. त्या कपाटाच्या पाठीला पातळ फळी, आणि फळीपलीकडे, पलंगाखाली, बॅटऱ्यांची पेटी. मैदानात विजेचा खांब नव्हता. छपरावरच्या सौरपट्ट्या दिवसा त्या बॅटऱ्या भरत आणि पेटीतला इन्व्हर्टर त्यांची वीज घरभर पुरवी. दिवे, पंखा, पाण्याचा पंप यांना वीज लागे हे खरे. परंतु काका त्या पेटीकडे पाहत ते काकूंच्या यंत्रासाठी.

काकू पूर्वी पाळण्याच्या तिकीटखिडकीत बसत. त्यांच्या जिभेला मैदानभर मान होता. दोन वर्षांमागे छातीच्या आजाराने त्यांचा श्वास आखडला आणि तेव्हापासून पलंगाच्या उशाशी ऑक्सिजनचे यंत्र अहोरात्र धापा टाकत होते. यंत्राची स्वतःची बॅटरी केव्हाच दमली होती; ते इन्व्हर्टरच्या जिवावर चाले आणि काकू त्याच्या. यंत्रातून निघालेली पारदर्शक नळी त्यांच्या नाकापर्यंत येई. ती नळी जेवढी लांब तेवढे काकूंचे जग. ते ओट्यापर्यंत पोचत नसे. बेसिनपर्यंत बरोबर पोचत असे. म्हणून तोंड धुणे, हात धुणे, एखादा रुमाल पिळणे, एवढी राज्ये अजून काकूंच्या ताब्यात होती.

तीही जाऊ लागली. काका प्रत्येक वेळी नळ असा पिळून बंद करत की काकूंच्या बोटांना तो हलेना.

"अहो, नळ!" त्या न्हाणीघरातून हाक मारत.

"आलो, आलो."

"माझ्या घरात मला हात धुवायला तुमची परवानगी लागते. कचेरी आहे का ही? अर्ज देऊ?"

"अगं, ठिबकलं तर? पलीकडे बॅटऱ्या आहेत."

"ठिबकतं ते बेसिनमध्ये. आणि ठिबकतं का, तर तुम्ही पिळून पिळून त्याचा वायसर पार चपटा केलात म्हणून! मला वर उचलायच्या दांडीचा नळ हवा. एका बोटानं उघडतो तो. दवाखान्यात पाहिलाय मी."

काकांनी टाळाटाळ केली. जुना नळ काढायचा म्हणजे पाण्याच्या नळ्या मोकळ्या करायच्या, आणि त्या नळ्यांपासून काकूंच्या श्वासापर्यंत मध्ये केवळ एक पातळ फळी. पण काकूंनी शेजारच्या गाडीतल्या जादूगाराला गाठले. मेळ्यात टोपीतून कबुतर काढणारा तो माणूस शहरात गेला आणि पिशवीतून नळ काढता झाला.

"हा घ्या काकू, जादूचा नळ. टिचकी मारा, पाणी!" मग खोक्यातला कागद डोळ्यांजवळ नेत त्याने काकांना ऐकवले, "काका, नीट ऐका हं. 'नळीचे नट प्लास्टिकचे आहेत. हातानेच आवळावेत. पाना लावू नये.' हे खास तुमच्यासाठी लिहिलंय बघा."

"ज्यानं लिहिलंय त्याला विचार, गाडी कधी खड्ड्यातून नेलीस का," काका म्हणाले. "घर हलत नाही. गाडी हलते. हलणाऱ्या वस्तूचा नट हातानं आवळतात होय?"

"बरं बाबा. पण उद्या तो उघडायचा झाला तर मला बोलावू नका. एवढी मोठी जादू मला येत नाही." असे म्हणून तो हसत निघून गेला. त्याला त्याच संध्याकाळी दूरच्या गावी एका कार्यक्रमासाठी निघायचे होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकांनी काम आरंभिले. पंपाचा स्विच बंद केला, चुकून दाबला जाऊ नये म्हणून त्यावर कापड बांधले, ओट्यावरचा नळ उघडून नळ्यांतला उरलासुरला दाब सोडून दिला. मग न्हाणीघरात जमिनीवर उताणे होऊन त्यांनी डोके कपाटात घातले. दिवा दातांत, पाना छातीवर, पाय दाराबाहेर. बाहेरून पाहता मनुष्य अर्धा गिळला गेल्यासारखा दिसत होता.

"आहात ना?" काकूंनी विचारले.

"हं."

"दिसत नाही म्हणून विचारलं."

जुना नळ निघायला तयार नव्हता. शेवटी काकांचा हात त्याच्यावर किती वर्षे पडला होता! करकरत, कुरकुरत तो सुटला. नवा बसवायला मात्र वेळ लागला नाही. एक नळी, एक नट. आटे गोडीने धरले गेले. नट बोटांनी फिरवता फिरवता थांबला. तिथेच थांबावे असे त्या कागदाने सांगितले होते. काका थांबले. कपाटाच्या अंधारात, नाकापासून वीतभर अंतरावर, त्या पांढऱ्या नटाकडे ते पाहत राहिले. एवढेच? एवढ्यावर पाण्याला अडवायचे? फळीपलीकडून यंत्राची धाप ऐकू येत होती. त्यांना वाटले, आपण हा असाच सोडला तर तो आज ना उद्या हलेल, रात्री हलेल, आपण झोपलेले असू. छातीवरचा पाना त्यांच्या हातात कधी आला ते त्यांचे त्यांनाही कळले नाही. एक पीळ. मग अर्धा. मग मनाच्या समाधानासाठी आणखी जरासा. कुठेतरी अगदी बारीक, नखाने वाळलेले पान मोडावे तसा आवाज झाला. पण दातांतल्या दिव्याशी दात घासल्यासारखा तो वाटला आणि काकांनी तो मनावर घेतला नाही.

पंप लावला. पंप घुरघुरला, नळ्यांत दाब भरला आणि तो गप्प झाला. काकांनी कपाटात कोरडा कागद अंथरून, बोटे फिरवून पाहिले. थेंब नव्हता. तपासणारेही तेच आणि आवळणारेही तेच, ही गोष्ट त्या क्षणी त्यांच्या ध्यानात आली नाही.

काकूंनी दांडी एका बोटाने उचलली. पाणी आले. दांडी खाली, पाणी थांबले. त्यांनी हे चारपाचदा केले, आणि मग ओल्या हातांनी स्वतःचे गाल थोपटले.

"बघा! अर्ज मंजूर."

दुपारी जेवणे उरकली. काकू पडल्या होत्या, काका दाराशी बसून हत्यारे पुसत होते. बाहेर मैदानात ऊन स्थिर झाले होते. तेवढ्यात पंप बोलला. घुर्र. क्षणभर, आणि पुन्हा शांत.

पंपाचा स्वभाव सरळ असतो. नळ उघडला की दाब उतरतो, पंप जागा होतो. नळ मिटला की दाब भरतो, पंप निजतो. सगळे नळ मिटलेले असताना जर तो जागा झाला, तर घरात कुठेतरी पाणी चोरपावलांनी निघाले आहे असे समजावे.

काकांच्या हातातले फडके थांबले.

"तू नळ उघडलास?"

"मी कशाला उघडू? पडलेय मी."

घुर्र.

काका उठले, पंपाचा स्विच पाडला आणि कपाटाशी जाऊन गुडघ्यांवर आले. पुढचा कागद कोरडा होता. त्यांनी नटाच्या पाठीमागे बोट नेले आणि ते बोट ओले झाले. नटाला मागच्या अंगाला केसाएवढी चीर गेली होती. पाणी थेंबाथेंबाने पडत नव्हते. ते नळीला बिलगून, तिच्या पाठीवरून, आवाज न करता फळीच्या खाचेत उतरत होते.

त्याच क्षणी पलंगाच्या उशाशी यंत्र किंचाळले.

ती किंकाळी एकसुरी, निर्विकार आणि म्हणूनच भयंकर होती. यंत्राचा हिरवा दिवा तांबडा झाला होता. धाप थांबली होती. पाणी लागताच इन्व्हर्टरने स्वतःला मिटवून घेतले होते. काकू उठून बसल्या होत्या, एक हात गादीवर, दुसरा गळ्याशी. तिकीटखिडकीतून सगळ्या मैदानाला ऐकू जाणारा तो गळा गप्प बसला, हेच काकांना त्या किंकाळीहून असह्य झाले.

अडीअडचणीसाठी ठेवलेला ऑक्सिजनचा लहान सिलिंडर दाराशी पट्ट्याने बांधलेला होता. पट्टा काकांनीच बांधला होता. त्याची गाठ त्यांच्या स्वतःच्या नखांना सुटेना. आपल्याच हाताने आपल्याशी असे वैर करावे, याहून मोठी शिक्षा माणसाला काय असेल? त्यांनी हत्यारांतली सुरी उचलून पट्टा कापला, सिलिंडर ओढला, काकूंच्या नाकाची नळी त्याला जोडली आणि चावी फिरवली. बारीक सुस्कारा सुटला. काकूंच्या ओठांवरची राखाडी छटा हळूहळू, फार हळूहळू, मागे सरली.

"सावकाश घे. नाकानं. नाकानं गं."

"नाकानंच... घेतेय," त्या तुटक म्हणाल्या. "कानानं... येतो का?"

काका हसू शकले नाहीत. सिलिंडरच्या तबकडीवर काटा होता. तो पूर्वीच अर्ध्याच्या खाली होता. मैदानात दुसरे कुणी नव्हते. जादूगार दूरगावी, बाकीच्या गाड्यांना कुलपे. दवाखाना शहरात, आणि गाडीघर रस्त्याला लावायचे तर आधी टेकू काढा, पाण्याची टाकी मोकळी करा, छपरावरच्या सौरपट्ट्या मिटवा. त्यात दिवस मावळला असता. त्यांनी दवाखान्याला फोन केला. गाडी पाठवतो, पण दुसऱ्या फेरीवर आहे, वाट पाहावी लागेल, असे तिकडून शांत स्वरात सांगण्यात आले.

वाट पाहायला काटा तयार नव्हता.

काकूंना उशाकडे सरकवून त्यांनी पलंगाच्या पायथ्याची फळी उचलली. पेटीच्या तळाशी पाणी चमकत होते, फार नव्हे, ओंजळभर. त्यात इन्व्हर्टरचा एक कोपरा भिजला होता. काकांनी बॅटऱ्यांची जोडणी सोडली, पाणी टिपले, इन्व्हर्टर बाहेर काढला, कोरड्या टॉवेलात धरला, उलटा केला, झटकला. मग तो दाराच्या पायरीवर उन्हात ठेवून ते पुठ्ठ्याने वारा घालू लागले. यापुढचा भाग सर्वांत कठीण होता, कारण त्यात करण्यासारखे काही उरले नव्हते. आत ओल असताना स्विच दाबला तर इन्व्हर्टर जळून जाणार. ओल जाईपर्यंत थांबले तर काटा तळाला लागणार. या दोहोंच्या मध्ये कुठेतरी एक योग्य क्षण होता आणि त्यावर कुणी खूण करून ठेवलेली नव्हती.

"आता दाबू?" त्यांनी आत डोकावून विचारले. आयुष्यात त्यांनी कुणाला असा प्रश्न विचारला नव्हता.

काकूंनी तबकडीकडे पाहिले, मग त्यांच्याकडे. "ओलं आहे का?"

"कळत नाही."

"मग... थांबा."

"काटा..."

"काट्याला बघायला... मी आहे. तुम्ही वारा घाला."

काका वारा घालत राहिले. ऊन पायरीवरून सरकले तसा इन्व्हर्टरही त्यांनी सरकवला. आत सिलिंडरचा सुस्कारा चालू होता आणि त्या सुस्काऱ्याखेरीज जगात दुसरा ध्वनी नाही, अशी त्यांची अवस्था झाली. तो थांबतो आहे असा भास होऊन ते दोनदा धावत आत गेले. दुसऱ्या वेळी काकू म्हणाल्या, "अहो, मी मेले तर हाक मारीन. जा." तिसऱ्या वेळी काकूंनीच हाक मारली, "अहो. आता दाबा."

त्यांच्या आवाजात काय होते ते काकांना उमगले. काटा त्यांनी पाहिला नाही. त्यांनी जोडणी केली, बोट स्विचवर ठेवले, आणि त्या बोटात त्यांच्या साऱ्या आयुष्याचे भय येऊन उभे राहिले.

हिरवा दिवा लागला. यंत्राने एक खोल धाप घेतली, मग दुसरी. काकांनी काकूंची नळी सिलिंडरवरून काढून पुन्हा यंत्राला जोडली.

दवाखान्याची गाडी यथावकाश आली. सिस्टरने बोटाला चिमटा लावून काकूंचा श्वास मोजला, ठीक आहे म्हणाली, भरलेला सिलिंडर ठेवला, रिकामा नेला. जाताना तिने विचारले, "झालं काय नेमकं?"

"नळ बसवला," काकू म्हणाल्या. "यांनी."

ती गेल्यावर काका न्हाणीघराच्या दारात उभे राहिले. "संपलं," ते म्हणाले. "नळ काढून टाकतो. नळ्यांना बूच मारतो. पंप कायमचा बंद. मी बाहेरून बादलीनं पाणी आणीन. तुला तोंड धुवायचं असेल तर मी भांडं धरीन."

"आणि हात?"

"हातही मीच धुवीन."

"उद्या गॅस बंद कराल. भडकला तर? परवा खिडकी, वारा लागला तर? मग मलाही एखादं बूच मारा, म्हणजे सुटलात." काकूंना धाप लागली, त्या थांबल्या आणि नळी सरळ करून पुन्हा म्हणाल्या, "मला नळ हवा."

"अगं, आज तू गेली असतीस!"

"पाण्यानं नाही हो. पिळानं गेले असते."

काका खाली बसले. त्यांनी आपले दोन्ही तळहात मांडीवर उताणे ठेवले. "माझ्या हाताला थांबता येत नाही," ते म्हणाले. "कागदावर लिहिलेलं होतं. मी थांबलोही होतो. मग नाही राहवलं."

"मग तुमचा हात नको. माझा घ्या."

काकूंनी स्टूल मागवले. हत्यारांच्या पेटीत त्याच मापाचा एक नवा नट होता. तो काकांनी काढून दिला आणि चिरलेला नट बाजूला केला. काकू स्टुलावर बसल्या, वाकल्या, नळी खांद्यावरून मागे टाकली आणि हात कपाटात घातला. त्यांना दिसत नव्हते. काका दिवा धरून सांगत होते. "डावीकडे. हं. आटे धरले? सावकाश." नट फिरला. त्या कृश बोटांत बळ थोडेच होते, आणि ते संपले तिथे नट थांबला.

"झाला."

"एवढाच?"

"माझ्यात एवढाच आहे. तपासा."

काकांनी हात आत घातला. उघडा हात. बोटे नटावर टेकताच त्यांच्या मनगटात जुना पीळ जागा झाला. उजवीकडे जरासे, केवळ जरासे, म्हणजे जिवाला स्वस्थता. पण आज आवळणारे ते नव्हते. तपासणाऱ्याने आवळायचे नाही. आवळला तर मग तो कोण बघणार? कितीतरी मैदानांत पाठीमागून आलेल्या त्या अबोल माणसाचे काम किती अवघड होते, हे त्यांना प्रथमच कळले. सैल वाटेल त्या वस्तूवरून हात काढून घेणे, याला आवळण्याहून मोठे बळ लागते. त्यांनी बोटांनी नट सोडवून पाहिला. तो हलला नाही. त्यांनी पुन्हा पाहिले. नाही हलला. त्यांनी हात बाहेर काढला.

"काय?" काकूंनी विचारले.

"धरलाय."

बॅटऱ्यांच्या पेटीवर त्यांनी आधी ताडपत्री पसरली, फळीची खाच मेणाने बुजवली आणि मगच पंपाचा स्विच लावला. पंप घुरघुरला. दाब भरला. शांत झाला. काका कपाटासमोर मांडी घालून बसले, कोरडा कागद नटाच्या पाठीला लावून. काकू पलंगावर टेकल्या. मैदानात पाखरे परतू लागली होती. दोघेही न येणाऱ्या एका आवाजाची वाट पाहत होते. यंत्राची धाप चालू होती. कुठेतरी पत्रा तडकला आणि काका दचकून अर्धे उठले.

"ते छप्पर," काकू म्हणाल्या. "ऊन उतरलं की वाजतं."

पंप बोलला नाही. चहा झाला, कप विसळले गेले, ओट्यावरच्या नळाने त्याला जागे केले तेवढेच. मग पुन्हा शांतता. कागद कोरडा होता. काकांनी तो बदलून दुसरा लावला, कारण पहिला कोरडा आहे यावर त्यांचा विश्वास बसेना. दुसराही कोरडाच राहिला.

"आता मी तोंड धुणार," काकू उठत म्हणाल्या. "आणि दार लावून घेणार."

"दार कशाला?"

"दिवसभर तुम्ही माझ्याकडे बघताय, म्हणून."

सरकते दार खडखडत पुढे आले आणि चौकटीशी पोचण्याआधी अडले. काकूंनी आतून ओढून पाहिले.

"अहो, दार का अडलंय?"

"माझं बोट आहे मध्ये."

"काढा."

"तुझी नळी दारात चेपेल."

काकू आतून म्हणाल्या, "बरं. राहू द्या. पण बघायचं नाही."

"डोळे मिटलेत."

दांडी उचलल्याचा टप असा आवाज झाला आणि पाणी वाहू लागले. पंप घुरघुरला. काका चौकटीला टेकून, डोळे घट्ट मिटून, दार आणि चौकट यांच्यामध्ये एक बोट ठेवून उभे राहिले. त्या बोटाला लागून जाणारी नळी कोमट होती. आत काकू ओंजळीमागून ओंजळ तोंडावर मारत होत्या, आणि घाई करत नव्हत्या.